पडद्यावरचे पहिले पाऊल



मराठी माणसाने १९१३ हे साल दोन कारणांसाठी ध्यानात ठेवावे. त्या वर्षी नारायणराव राजहंस, गणेशपंत बोडस आणि गोविंदराव टेंबे हे किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. नारायणराव म्हणजे आपले बालगंधर्व. त्यांचे जळगावशी असलेले नाते खानदेशातल्या श्रोत्यांना नव्याने सांगण्याची गरज नाही. लहानपणी ते जळगावास होते, मेहबूबखाँ यांच्यापाशी तेथेच त्यांनी गाण्याचे धडे घेतले, आणि आजही जळगावचे खुले नाट्यगृह त्यांच्याच नावाने ओळखले जाते. पुरुषाने स्त्री व्हावे आणि घरोघरच्या स्त्रियांनी त्याच्यासारखे लुगडे नेसण्याचा, त्याच्यासारखा अंबाडा घालण्याचा प्रयत्न करावा, हा चमत्कार महाराष्ट्राने त्यांच्या रूपाने पाहिला. आपल्याला त्याचा अभिमान आहे आणि तो योग्यच आहे.

पण त्याच वर्षी आणखी एक गोष्ट घडली. दादासाहेब फाळके यांनी ‘मोहिनी भस्मासुर’ नावाचा मूकपट तयार केला आणि त्यात दोन स्त्रियांनी कामे केली. एक आई, दुसरी तिची मुलगी. आईचे नाव दुर्गाबाई कामत, मुलीचे नाव कमला. ही कमला पुढे कमलाबाई गोखले या नावाने ओळखली गेली. आपल्याकडच्या कथाचित्रपटात स्त्रीने स्त्रीची भूमिका करण्याचा आरंभ या मायलेकींनी केला. एकाच वर्षी एकीकडे स्त्रीवेषातील पुरुषाची कला कळसाला पोचत होती, आणि दुसरीकडे खरी स्त्री प्रथमच पडद्यावर येत होती. पहिल्या घटनेवर आपल्याकडे ग्रंथ आहेत, नाट्यगृहे आहेत, पुण्यतिथ्या आहेत. दुसरी घटना घडली एवढेसुद्धा पुष्कळांना ठाऊक नाही. आज मी बोलणार आहे ते या दुसऱ्या घटनेविषयी.

आरंभीच एक खुलासा केला पाहिजे. ‘पहिली स्त्री’ हा शब्द इतिहासात जपून वापरावा लागतो. तमाशाच्या बोर्डावर, लावणीच्या बैठकीत, देवळाच्या रंगमंडपात स्त्रिया पिढ्यान्‌पिढ्या नाचल्या आणि गायिल्या आहेत. खानदेशातल्या जत्रांतून तमाशाचे फड पाहिलेल्या माणसाला स्त्री लोकांसमोर येण्यात नवे काही वाटण्याचे कारण नव्हते. बंगालच्या सार्वजनिक रंगभूमीवर तर १८७३ पासूनच स्त्रिया होत्या. कलकत्त्याचे हिरालाल सेन यांनी तिथल्या नाटकांचे प्रवेश फाळक्यांच्या आधीच चित्रित केले होते. आपल्याकडेही केवळ स्त्रियांच्या म्हणून काही नाटक मंडळ्या होत्या. तेव्हा स्त्री मुळी दिसतच नव्हती, असे नाही. मात्र जी दिसे तिला समाजाने एक पायरी नेमून दिली होती. तिचे गाणे रात्री ऐकायचे आणि दिवसा तिची सावली टाळायची, अशी ती रीत होती. प्रतिष्ठित म्हणविणाऱ्या संगीत नाटकाने आपली प्रतिष्ठा राखली ती स्त्रीला बाहेर ठेवून. शकुंतला, सुभद्रा, भामिनी यांच्यावर लोकांनी जीव टाकला, पण त्या भूमिका करणारे सगळे पुरुष. स्त्रीवर लिहिलेल्या नाटकात स्त्रीलाच मज्जाव होता, आणि त्यात कोणाला काही विपरीत वाटत नव्हते.

फाळके चित्रपटाच्या उद्योगात पडले तेव्हा हाच मज्जाव त्यांच्या आड आला. ‘राजा हरिश्चंद्र’ काढायचा म्हणजे तारामती हवी. त्यांनी नटनट्यांसाठी जाहिराती दिल्या, पण मनाजोगे कोणी आले नाही. मग नाचगाण्यावर जगणाऱ्या बायकांकडे ते स्वतः गेले. त्यांनीही नकार दिला. चित्रपटात काम करणे त्यांनासुद्धा कमीपणाचे वाटले, यावरून त्या काळची कल्पना करावी. सरस्वतीबाई फाळक्यांनी पतीच्या उद्योगासाठी काय केले नाही? माणसांचा स्वयंपाक केला, दागिने गहाण पडू दिले, रात्री जागून फिल्मला भोके पाडली. पण तारामती होण्याचे त्यांनी नाकारले. शेवटी ग्रँट रोडवरच्या एका खाणावळीत फाळक्यांना एक सडपातळ, नाजूक हातांचा पोऱ्या दिसला. महिना दहा रुपयांवर तो तेथे काम करीत होता. फाळक्यांनी पंधरा देऊ केले. हे अण्णा साळुंके, आणि आपल्या चित्रपटाची पहिली नायिका तेच. ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशन चित्रगृहात लोकांनी तारामतीसाठी डोळे पुसले, ते साळुंक्यांना पाहून.

हा उपाय नाटकात चालून गेला असता. चित्रपटात तो पुरेसा का पडेना, हे थोडे समजावून घेऊ. नाटकात प्रेक्षक आणि नट यांच्यामध्ये अंतर असते. दिवे मंद असतात, आणि सगळ्यांत महत्त्वाचे म्हणजे गाणे असते. बालगंधर्व पद आळवू लागले की समोर पुरुष आहे हे डोळे विसरून जात, कारण कानांनी त्यांना जिंकलेले असे. मूकपटात कान रिकामेच. राहिले काय? चेहरा, हात, चालणे, वळणे. तेही भर उन्हात टिपलेले, कारण स्टुडिओतला प्रकाश म्हणजे सूर्यच. आणि मग तोच चेहरा पडद्यावर माणसापेक्षा मोठा होऊन समोर येणार. हनुवटीची हिरवट झाक, मनगटाचे हाड, खांद्याची रुंदी, काहीच लपत नसे. मिशी काढण्याविषयी तर त्या काळी मोठी पंचाईत होई. बाप जिवंत असता मिशी कशी उतरवावी, म्हणून नट अडून बसत, असे सांगतात. म्हणजे यंत्रच असे होते की त्याला खरी स्त्री हवी होती. समाजसुधारकांना जे इतक्या वर्षांत साधले नाही, ते काम अजाणता त्या कॅमेऱ्याने हाती घेतले.

आता दुर्गाबाईंकडे येऊ. त्यांचा विवाह मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतले अध्यापक आनंद नानोसकर यांच्याशी झाला होता. १९०० साली त्यांना मुलगी झाली, तीच कमला. पुढे संसार मोडला आणि पदरी लहान मूल घेऊन दुर्गाबाई एकट्या उरल्या. नवऱ्यापासून वेगळी राहणारी, मध्यमवर्गातली, थोडीबहुत शिकलेली बाई त्या काळी पोटासाठी काय करू शकत होती, याचा विचार आपण क्षणभर करावा. शाळेत शिक्षिका होण्याच्या वाटा फारच थोड्यांना मोकळ्या होत्या. दुसऱ्याच्या घरी स्वयंपाकपाणी करावे, धुणीभांडी करावी, भावाच्या घरी उपकाराचा घास खावा, किंवा याहून वाईट काही करावे, एवढेच उरे. दुर्गाबाईंनी यांपैकी काही न स्वीकारता फिरत्या नाटक मंडळीचा रस्ता धरला. त्याचे प्रायश्चित्त ठरलेलेच होते. आप्तस्वकीय तुटले, घरंदाज वस्तीची दारे लागली. मुलगी शाळेत जायची, ती मंडळीच्या बिऱ्हाडात वाढली. अक्षरे, गाणे, नकला, पाठांतर, जे काय शिकायचे ते तिने तेथेच शिकले. चार-पाच वर्षांची असतानाच ती रंगभूमीवर उभी राहिली होती.

फाळक्यांनी मुंबईहून नाशिकास मुक्काम हलवला आणि दुसऱ्या चित्रपटाची जुळवाजुळव केली, तेव्हा त्यांना या मायलेकी मिळाल्या. दुर्गाबाई पार्वती झाल्या आणि तेरा वर्षांची कमला मोहिनी झाली. कथा तुम्हां सर्वांना माहीत आहे. शंकराने भस्मासुराला वर दिला की ज्याच्या मस्तकावर तू हात ठेवशील तो भस्म होईल. वर मिळताच तो उन्मत्त झाला. तेव्हा विष्णूने मोहिनीचे रूप घेतले, त्याला नाचाच्या नादी लावले, आणि नाचता नाचता त्याने स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवला. या कथेत एक गंमत आहे. मोहिनी ही मुळात स्त्री नव्हेच, स्त्रीचे रूप घेतलेला पुरुषच तो. साळुंक्यांसारख्या नटाला शोभेल अशी आपल्या पुराणांत एखादी भूमिका असेल तर ती हीच. आणि नेमकी हीच भूमिका फाळक्यांनी एका मुलीला दिली. पुरुषाने बाई होण्याची सवय लागलेल्या प्रेक्षकांसमोर, पुरुष जिथे बाई झाला त्या प्रसंगात बाई आली.

मूकपटात काम करणे म्हणजे काय होते, हेही ध्यानात घ्या. संवाद पाठ करायचे नाहीत. दिग्दर्शक कॅमेऱ्याशेजारी उभा राहून मोठमोठ्याने सूचना देणार, हास, दच्चक, मागे वळ, आता रागाने बघ, आणि नटाने त्याबरहुकूम करायचे. समोर प्रेक्षक नाही, टाळी नाही, वन्समोअर नाही. सूर्य ढगाआड गेला की काम थांबले. रंगभूमीवर रोज रात्री लोकांच्या श्वासाशी खेळणाऱ्या माणसाला हा अनुभव चमत्कारिकच वाटला असेल. पण ज्या पोरीने चालता-बोलता होताच पाठ, नाच आणि पदन्यास गिरवले होते, तिची तयारी मुळातच झालेली होती. फाळक्यांना ज्या देहबोलीची गरज होती ती देणारी शाळा त्या काळी एकच होती, आणि ती म्हणजे हीच बदनाम नाटक मंडळी.

या एका चित्रपटाने कमलेचे आयुष्य पालटले, असे मी सांगितले तर ते ऐकायला बरे वाटेल, पण खरे होणार नाही. चित्रपट झाला आणि मायलेकी पुन्हा रंगभूमीकडे वळल्या. पुढे कमलेचे लग्न रघुनाथराव गोखले यांच्याशी झाले. हे किर्लोस्कर मंडळीत गाजलेले नट आणि गायक. तिथे त्यांनी स्त्रीभूमिकाही केल्या होत्या. पुढे गोखले बंधूंची चित्ताकर्षक नाटक मंडळी निघाली आणि कमलाबाई तिच्या नायिका झाल्या. पुरुष नायिका होण्याच्या काळात ही स्त्री रंगभूमीवर नायिका होती, आणि वेळ पडल्यास पुरुषभूमिकाही करीत होती. पण सुख फार काळ लाभले नाही. पंचविशीच्या सुमारास कमलाबाई विधवा झाल्या. पदरी मुलगे तीन. म्हणजे जो प्रसंग आईवर आला होता तोच लेकीवर आला. आणि लेकीनेही आईचाच मार्ग धरला. चेहऱ्याला रंग लावून तिने मुले वाढवली.

ती मुले कोण झाली हे तुम्ही जाणताच. चंद्रकांत गोखले यांचा जन्म १९२१ चा. रंगभूमी आणि चित्रपट या दोन्ही ठिकाणी त्यांनी दीर्घकाळ काम केले आणि २००८ साली ते गेले. लालजी आणि सूर्यकांत हे दोघे तबलजी म्हणून नावारूपास आले. चंद्रकांतांचे चिरंजीव विक्रम गोखले यांना तर या सभेतल्या तरुणांनीही पाहिले आहे. ते २०२२ साली निवर्तले. एका परित्यक्ता बाईने पोटासाठी नाटक मंडळीची पायरी चढली, तिच्यामागे तीन पिढ्या कलेत राबल्या. ज्या नातेवाइकांनी तिला वाळीत टाकल्यासारखे केले त्यांची नावेही आज कोणाला ठाऊक नाहीत.

कमलाबाई स्वतः मात्र थांबल्या नाहीत. चित्रपट बोलू लागल्यावर त्यांनी बोलपटांतही कामे केली. १९८० सालच्या ‘गहराई’ या हिंदी चित्रपटातही त्या होत्या. त्याचे दिग्दर्शन विकास देसाई आणि अरुणा राजे यांनी केले होते. १९१३ ते १९८० म्हणजे सदुसष्ट वर्षांचे अंतर. ज्या बाईने पडद्यावर पहिले पाऊल टाकले तेव्हा स्त्रीला नटी होणे वर्ज्य होते, तिच्या कारकीर्दीच्या अखेरीस कॅमेऱ्यामागे आज्ञा देणाऱ्यांत एक स्त्री होती. आयुष्याच्या संध्याकाळी रीना मोहन यांनी कमलाबाईंवर एक माहितीपट केला. त्यात थकलेल्या, एकट्या, पण जिभेची धार न गेलेल्या कमलाबाई आपल्याला भेटतात. पुढे त्यांचा अंत झाला.

आता इतिहासातला एक कठीण प्रश्न. दार एकदा उघडले म्हणजे ते उघडेच राहते काय? या मायलेकींच्या मागोमाग नट्यांची रांग लागली असेल असे आपल्याला वाटते. तसे झाले नाही. १९१७ साली फाळक्यांनी ‘लंकादहन’ काढला, तेव्हा सीता पुन्हा अण्णा साळुंकेच होते, आणि त्याच चित्रपटातले रामही तेच. चार वर्षांत काळ पुढे जाण्याऐवजी मागे आला. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये फाळक्यांनी आपली लहान मुलगी मंदाकिनी हिला बालकृष्ण केले. परक्याच्या मुलीला पडद्यावर आणणारा हा माणूस स्वतःच्या मुलीला मागे ठेवणारा नव्हता, हे त्यांच्या बाजूने नोंदवले पाहिजे. पण ती तर लहान मूल, तिला कोण काय म्हणणार? मोठ्या स्त्रीचा प्रश्न तसाच राहिला. १९२० साली कोल्हापूरच्या बाबुराव पेंटरांनी ‘सैरंध्री’ काढला, त्यात गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघींनी कामे केली. पडद्यावर त्यांची नावे कमलादेवी आणि सुशीलादेवी अशी झाली. नाव बदलल्यावाचून नटी होता येत नव्हते, हा त्यातला अर्थ.

१९२० नंतरच्या दशकात मूकपटाचा धंदा वाढला, नायिका तर हव्याच होत्या, आणि हिंदू घरांची दारे अजून बंदच होती. ती जागा भरून काढली ज्यू आणि अँग्लो-इंडियन मुलींनी. पुण्यात १९०७ साली जन्मलेली रूबी मायर्स ही टेलिफोन ऑफिसातली मुलगी ‘सुलोचना’ झाली आणि मूकपटांच्या काळात तिच्याएवढे नाव आणि मानधन क्वचितच कोणाला मिळाले. १९७३ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार तिला मिळाला. ज्या फाळक्यांना तारामती मिळाली नव्हती, त्यांच्या नावाचा सन्मान एका मूकपटांतल्या नायिकेकडे गेला. इतिहास कधी कधी असा हिशेब चुकता करतो.

आपल्या खानदेशाच्या वेशीवरचे एक नाव येथे घेतलेच पाहिजे. मनमाडजवळचे येवले पैठणीसाठी प्रसिद्ध आहे. तेथे १९१६ साली एका कापड व्यापाऱ्याच्या घरी अंबू नावाची मुलगी जन्मली. १९२८ च्या सुमारास पुण्याच्या आर्यन फिल्म कंपनीच्या मूकपटांतून ती कामे करू लागली आणि पुढे नायिका झाली. या ललिता पवार. १९३२ च्या ‘कैलास’ या मूकपटात त्या नायिका होत्या, आणि निर्मितीतही त्यांचा वाटा होता. १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या एका थपडेने त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डावा डोळा कायमचा अधू झाला. नायिकेची उमेदवारी तेथे संपली. दुसरी कोणी असती तर घरी बसली असती. या बाईने त्या अधू डोळ्यालाच अभिनयाचे साधन बनवले आणि खाष्ट सासूच्या भूमिकांत सबंध हिंदुस्थानाला धाक घातला. १९९८ साली त्या गेल्या. कमलाबाई आणि ललिताबाई यांच्या आयुष्याचे धागे वेगळे, पण पीळ एकच. नशिबाने पाडले तरी उभे राहायचे, कारण बसून चालणार नव्हते.

मग दार नीट उघडले केव्हा? १९३२ साली प्रभात कंपनीने ‘अयोध्येचा राजा’ काढला. विषय पुन्हा हरिश्चंद्राचाच. यावेळी तारामती झाल्या दुर्गा खोटे, सुशिक्षित, प्रतिष्ठित घराण्यातल्या. १९१३ साली ज्या भूमिकेसाठी सगळी मुंबई धुंडाळून एकही बाई मिळाली नाही, ती भूमिका एकोणीस वर्षांनी अशा घरातल्या स्त्रीने केली. पुढच्याच वर्षी, १९३३ साली, ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकात ज्योत्स्नाबाई भोळे आणि पद्माबाई वर्तक या स्त्रिया पुरुषांबरोबर रंगभूमीवर आल्या आणि मध्यमवर्गाने त्यांचे कौतुक केले. या सगळ्यांचे श्रेय त्यांना अवश्य द्यावे. पण त्यांनी ज्या उंबरठ्यावरून पाऊल टाकले तो झिजवलेला होता. दुर्गाबाई कामत या नावाच्या बाईने तो वीस वर्षे आधी ओलांडला होता. त्यावेळी टाळ्या नव्हत्या, अभिनंदनाचे लेख नव्हते. होती ती नालस्ती.

येथे कोणी विचारील की, हे सगळे कशावरून? प्रश्न रास्त आहे, आणि खानदेशात तर तो विचारलाच पाहिजे. इतिहासाचार्य राजवाडे यांनी आयुष्याच्या अखेरीस धुळ्याला मुक्काम केला आणि ३१ डिसेंबर १९२६ रोजी तेथेच देह ठेवला. त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ धुळ्याने दुसऱ्याच वर्षी उभे केले. कागद दाखवा, मग बोला, हा त्यांचा बाणा. मग ‘मोहिनी भस्मासुर’चा कागद कोठे आहे? चित्रपटाचा कागद म्हणजे त्याची फीत. ती फीत आज नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे, भुसकन पेट घेणारी आणि उष्ण हवेत कुजणारी. शिवाय तिच्यात चांदीचा अंश. जुन्या चित्रपटाला गिऱ्हाईक उरले नाही की ती फीत चांदीसाठी भंगारात जाई. आपल्याकडे मूकपटांच्या काळात बाराशेहून अधिक चित्रपट तयार झाले असतील, त्यांतले हाताच्या बोटांवर चार-सहा वेळा मोजता येतील इतकेच पूर्ण वा तुकड्यांच्या रूपाने उरले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली निघाले, तोवर बहुतेक सगळे गेलेले होते. कमलेने नाचलेला मोहिनीचा नाच आता कोणालाच पाहता येणार नाही. उरली आहे ती फाळक्यांच्या चित्रपटांची नोंद, आणि त्या मुलीने म्हातारपणी सांगितलेली आठवण.

हे ऐकून माझ्या मनात येते ती दुसऱ्या एका बाईची गोष्ट. १८८० साली जळगावजवळच्या असोद्याला एक मुलगी जन्मली. लग्न होऊन जळगावास आली, तिशीत विधवा झाली, एक मुलगा प्लेगाने अधू, शेत कसायचे आणि घर ओढायचे. या बहिणाबाई चौधरी. अक्षरओळख नव्हती, पण जात्यावर बसून आणि शेतात वाकून त्या रचत गेल्या. १९५१ साली त्या वारल्या, तेव्हा महाराष्ट्राला त्यांचे नावही माहीत नव्हते. सोपानदेवांनी त्यांचे शब्द उतरवून ठेवले होते, आचार्य अत्र्यांनी ते पाहिले, आणि १९५२ साली पुस्तक निघाले. आज इथल्या विद्यापीठाला त्यांचे नाव आहे. समजा, ती वही सोपानदेवांनी जपली नसती तर? तर असोद्याची ही बाई राबून राबून गेली, एवढेच उरले असते, आणि तेही चार घरांत. दुर्गाबाईंची पार्वती कोणी जपली नाही. जवळजवळ एकाच काळात, संसाराचा आधार तुटलेल्या दोन बाया एकट्याने उभ्या राहिल्या. एकीचे शब्द वाचले, दुसरीचे रूप जळून गेले. दोघींच्या कर्तृत्वात फरक असेल, पण आपल्या स्मरणात जो फरक पडला तो कर्तृत्वाचा नव्हे, जपणुकीचा आहे.

शेवटी ज्यासाठी हा विषय मी निवडला ते सांगतो. आपल्याला इतिहासातल्या स्त्रिया बंडाचा झेंडा घेतलेल्या आवडतात. पाऊल टाकताना त्यांनी एखादे तेजस्वी वाक्य उच्चारले असेल तर फारच उत्तम. दुर्गाबाईंनी असे काही उच्चारल्याचे आढळत नाही. त्या स्त्रियांच्या उद्धारासाठी पडद्यावर आल्या नाहीत, पोटासाठी आल्या. मुलीला दोन वेळचे जेवण मिळावे आणि कोणापुढे हात पसरू लागू नये, एवढाच त्यांचा हिशेब. काही लोक म्हणतात की मग यात मोठेपणा कसला? माझे म्हणणे उलट आहे. ज्याच्या घरी अन्न आहे त्याने रूढी मोडली तर त्याला लोक सुधारक म्हणतात, दोन दिवस टीका करतात, तिसऱ्या दिवशी हार घालतात. जिच्या घरी अन्न नाही तिने रूढी मोडली की तिला फक्त नाव ठेवतात. तरीही तिने ती मोडली, मुलीलाही त्याच मार्गाने नेले, आणि त्या मार्गावर मान खाली न घालता चालून दाखवले. ज्या रूढी पुढे पुस्तकांनी आणि ठरावांनी गेल्या असे आपण म्हणतो, त्या आधी अशा गरजवंतांच्या पायांखाली झिजलेल्या असतात.

आपल्या शिरपूरचे शिवाजीराव पाटील यांची कन्या स्मिता पाटील हिने १९७७ साली ‘भूमिका’ या चित्रपटात हंसा वाडकर यांच्या आत्मकथनावरून रचलेली नटी उभी केली. लहानपणापासून घर चालवणारी, आणि त्या घराकडूनच दुखावली जाणारी ती नटी होती. त्या भूमिकेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. खानदेशच्या लेकीने त्या नटीला जो न्याय दिला तो एका अर्थाने दुर्गाबाईंनाही मिळाला, असे मी मानतो. बालगंधर्वांवर आपण प्रेम करतो ते कमी करण्याचे कारण नाही. त्यांच्या नावाच्या नाट्यगृहात बसताना त्याच वर्षी नाशिकच्या उन्हात उभ्या राहिलेल्या त्या दोघींचीही आठवण व्हावी, एवढीच माझी विनंती आहे. आणि तुमच्यापैकी कोणाच्या माळ्यावर, आजोबांच्या पेटीत, नाटक मंडळीचे एखादे हँडबिल, तंबूतल्या सिनेमाची जाहिरात, किंवा कोणा अनाम नटीचा पिवळा पडलेला फोटो असेल, तर तो रद्दीत घालण्यापूर्वी एकदा धुळ्याच्या संशोधन मंडळाची आठवण करा. राजवाडे अशाच कागदांसाठी गावोगाव पायी हिंडले होते.